गाळलेली घंटा

फार जुनी गोष्ट आहे. इतकी जुनी, की सांगणाऱ्याच्या पणजीलाही ती कुणाकडून तरी ऐकूनच ठाऊक होती. लहानांनी ती ऐकावी, आणि ज्यांचे केस पिकलेत त्यांनी तर कान टवकारून ऐकावी. कारण यातली चूक लहान मुलांच्या हातून होणारी नव्हे. ती करायला अंगात थोडं शहाणपण मुरावं लागतं.

डोंगरांच्या ओंजळीत एक नगर होतं. नगरात सगळं होतं, पाणी तेवढं बेताचं. वरच्या कड्यातून एकच झरा यायचा, तो एका कुंडात साठायचा, आणि कुंडातून एकच पाट खाली उतरायचा. आळ्या बारा, पाट एक. मग काय व्हायचं ते झालं. आधी घागरी फुटल्या, मग डोकी फुटली, आणि एका उन्हाळ्यात दोन माणसं मेली. तेव्हा जाणत्यांना शहाणपण सुचलं. शहाणपणाची ही खोडच आहे, ते तिरडी उचलून झाल्यावर येतं.

त्यांनी नगराच्या मधोमध उंच मनोरा बांधला आणि त्यात बारा घंटा टांगल्या. प्रत्येक आळीची एक. रोज पहाटे ज्या आळीची घंटा वाजेल, तिच्याकडे पाणी सोडायचं. घंटा वाजत राहील तोवर पाणी, थांबली की बंद. कुंडापाशी बसलेल्या पाटकऱ्यानं कान उघडे ठेवायचे आणि त्या त्या आळीकडे पाणी सोडणाऱ्या मोरीची फळी वर-खाली करायची. घंटा वाजली नाही तर फळी हलवायची नाही, मग समोर सख्खा भाऊ घागर घेऊन उभा का असेना.

घंटेचा धातू ज्या त्या आळीनं द्यायचा होता. कासारआळीनं चोख कासं दिलं. बागआळीत मोठी माणसं राहायची, मागे त्यांच्या केळीच्या बागा होत्या; त्यांनी ओतताना मूठभर सोनं टाकलं. कुंभारआळीकडे मात्र धातूचं भांडंच नव्हतं. मातीत रांधणारी, मातीत जेवणारी माणसं ती, देणार काय? त्यांनी गाढवांच्या गळ्यातले घुंगरू दिले, मोडक्या पळ्या दिल्या, बायकांनी पायातली जोडवी काढून दिली. त्या सगळ्याची मिळून एक घंटा झाली. आवाज निघाला घोगरा, म्हाताऱ्याच्या खोकल्यासारखा. नगरातली पोरं तिला खोकरी म्हणायची. कुंभारआळीला तिचं काही वाटत नसे. खोकरी खोकली की पाणी येतं, याउपर काय पाहिजे?

आता प्रश्न उरला, वाजवायचं कुणी? कासार बसवावा तर तो कासारांची घंटा जरा जास्त वाजवेल. तेली बसवावा तर तेल्यांची. जाणत्यांनी डोकी एकत्र केली आणि ठरवलं, की टोलकरी बाहेरगावचा आणायचा. त्याला आळी नको, सोयरा नको. त्यानं मनोऱ्यातच राहायचं, खाली उतरायचं नाही, कुणी वर चढायचं नाही. आणि शेवटचं कलम ऐका: घंटा कशासाठी वाजतात, हे त्याला कधी सांगायचं नाही.

"आपला हात काय करतो हेच ज्याला ठाऊक नाही, त्याला लाच कोण देणार?" असं म्हणून त्यांनी एकमेकांची पाठ थोपटली. तुम्हीही आत्ता मान डोलावली असेल. थोडी थांबवा ती मान.

असे किती टोलकरी आले आणि गेले. जाणते मेले, कलमं उरली, आणि त्यांतलं शेवटचं कलम तर खालच्या माणसांच्या ध्यानातही राहिलं नाही. आपली गोष्ट ज्याची आहे तो टोलकरी कोवळ्या वयात वर चढला होता. त्याच्या गुरूनं त्याला एवढंच शिकवलं: "बारा म्हणजे बारा. सगळ्यांना सारखा वेळ. का, ते विचारू नकोस. मीही विचारलं नव्हतं."

घंटांच्या खाली एक खोली होती. तिला जमिनीकडे बघणारी खिडकी नव्हती, वर आभाळाकडे तेवढे झरोके होते. समोर ओळीनं बारा लाकडी दांडे, प्रत्येक दांड्याची तार वर एका घंटेच्या लोलकाला. दांड्यावर मुठीनं घाव घालायचा, की वर घंटा बोलते. मोठ्या घंटेला खांद्यातून जोर लागतो, धाकटीला करंगळीची कड पुरते. थंडीत त्याच्या मुठी फुटायच्या, तेव्हा तो कातड्याची पट्टी गुंडाळून वाजवायचा. ज्या आळीची पाळी तिची घंटा तो ठेक्यात चालू ठेवी आणि दुसऱ्या दोन-तीन घंटांचे नाजूक सूर तिच्याभोवती वेलीसारखे चढवी. हे वेल चढवणं त्याला कुणी शिकवलं नव्हतं. ती त्याची स्वतःची करामत. पाटकऱ्याला ठेक्याची घंटा तेवढी कळायची, वेलीशी त्याला देणंघेणं नव्हतं.

दिवसातून एकदा झरोक्यातून सोडलेल्या दोरावरून खालची टोपली वर यायची. टोपलीवाली दोर हलवून म्हणायची, "घ्या." टोपली रिकामी झाली की म्हणायची, "सोडा." याहून जास्त बोलायची तिला बंदी होती. हे दोन शब्द सोडले तर टोलकऱ्याशी जगात कुणी बोलत नव्हतं. मग तो घंटांशी बोलायचा. अकरा जणी त्याच्या लाडक्या. बारावी, खोकरी, त्याच्या डोळ्यांत सलायची. पाचवी पाळी तिची. चार घंटांनी पहाट कशी दुधासारखी धरून आणलेली असायची आणि ही बया मध्येच खोकायची. वेल तिच्यावर चढतच नसे.

एकदा एका राजाचा गवई नगरात मुक्कामाला होता. त्यानं पहाटे घंटा ऐकल्या आणि टोपलीत चिठ्ठी टाकली: 'अकरा हिरे, एक खडा. खडा काढा.'

टोलकऱ्यानं ती चिठ्ठी शंभर वेळा वाचली असेल. आयुष्यात पहिल्यांदा कुणीतरी त्याचं वाजवणं ऐकलं होतं! दुसऱ्या दिवशी तो वर चढला आणि त्यानं खोकरीची तार काढून टाकली. पाचव्या पाळीला पोकळी नको, म्हणून तिथं त्यानं सगळ्यांत गोड घंटा तिच्या पाळीखेरीज जादा वाजवली. सगळ्यांत गोड कुणाची? जिच्यात सोनं पडलं होतं तिची. बागआळीची.

तीन दिवस तो टोपलीत काही निरोप येतो का ते चाचपत होता. गुरूनं सांगितलं होतं, बारा म्हणजे बारा. पण आभाळ कोसळलं नाही. चौथ्या दिवशी टोपलीत साजूक तुपातली पुरणपोळी आली, आणि पोळीखाली घडी केलेली जरीची शाल. मग दर सणाला काही ना काही येऊ लागलं. कधी केळीचा घड, कधी रेशमी गादी.

'नगराला सूर कळला,' टोलकरी स्वतःशी म्हणाला, आणि शाल पांघरून झोपला.

अशी नऊ वर्षं गेली.

दहाव्या उन्हाळ्यात त्याचा पाण्याचा माठ तडकला. वीतभर लांब चीर, सगळं पाणी जमिनीवर. त्यानं खापरं टोपलीत घालून खाली सोडली आणि ओरडला, "नवा माठ पाठव गं!"

टोपली वर आली. आत तांब्याची कळशी. त्यानं ती परत पाठवली. दुसऱ्या दिवशी पितळेची घागर आली.

"अगं, पितळेत पाणी तापतं! माठ म्हटलं मी, माठ! ऐकू येत नाही का?"

मग टोपलीवालीचा आवाज आला, आणि यावेळी ती 'घ्या'ही म्हणाली नाही, 'सोडा'ही म्हणाली नाही.

"माठ मिळत नाही, बुवा."

"मिळत नाही म्हणजे? कुंभार मेले की काय नगरातले?"

"हे तुम्ही विचारताय?"

"मग कोण विचारणार? तहान मला लागलीय!"

आता बाईचा बांध फुटला. किती वर्षं दोन शब्दांवर जगणार माणूस? "ज्यानं गळा दाबायचा त्यानंच वर विचारायचं, मेली का म्हणून! खोकरी तुम्ही बंद केलीत ना? तेव्हापासून कुंभारआळीच्या मोरीची फळी वर गेलेली नाही. नऊ वर्षं! मातीत कालवायला पाणी नाही, प्यायला पाणी नाही, आणि यांना हवा गार माठ! घ्या की पितळेचं पाणी. त्यांना तेही नाही."

टोलकऱ्याला वाटलं बाईला ऊन लागलं. "घंटेचा आणि पाण्याचा काय संबंध?"

खाली दोर तिच्या हातातून सुटला. टोपली धाडदिशी जमिनीवर आपटली.

"अगं बाई," ती हळूच म्हणाली. "तुम्हाला ठाऊकच नाही?"

मग तिनं सगळं सांगितलं. मनोऱ्याच्या भिंतीला तोंड लावून सांगितलं. टोलकरी वर उभा होता, हात दांड्यावर, आणि तो हात त्याला आपला वाटेना. तीस वर्षं त्याला वाटत होतं की तो सूर वाजवतो. तो पाणी वाटत होता! त्याच्या एकेका घावागणिक खाली कुणाची तरी घागर भरत होती, आणि कुणाची कोरडी राहत होती.

तो उतरला. तीस वर्षांत न केलेली गोष्ट त्यानं भर दुपारी केली. दोनशे पायऱ्या, भिंत धरत धरत. बाहेर आला तेव्हा उन्हानं डोळे मिटले. कुणी ओरडलं नाही, कुणी अडवलं नाही. अडवणार कसं? टोलकऱ्याचा चेहरा नगरात कुणी पाहिलेलाच नव्हता.

विचारत विचारत तो कुंभारआळीत पोचला, आणि जागच्या जागी थिजला.

तीस घरांची आळी. सत्तावीस दारांवर बाभळीच्या काटेरी फांद्या लावलेल्या, म्हणजे घर सोडून गेले. अंगणात कुंभाराची चाकं पालथी. मडकी भाजायच्या आव्यात कुत्री निजलेली. माती तुडवायचे खड्डे वाळून दगड झालेले, आणि एका खड्ड्यात पावलं उमटलेली. लहानशी, बाईमाणसाची, बोटं न् बोटं मोजावी अशी.

उरलेल्या तीन घरांपुढे गाढवं उभी होती. पाठीवर गोण्या चढत होत्या. एका ओट्यावर एक म्हातारी वाकळ गुंडाळत बसली होती.

"कुठं निघालात, मावशी?" त्यानं विचारलं.

"जिथं पाणी असंल तिथं. उद्या दिवस उगवला की निघायचं. तू कोण? नवा दिसतोस. माठ घ्यायला आलास व्हय? न्हाई मिळायचा. खापर हवं तर ने, लई पडल्यात."

"इतकी वर्षं पाणी नव्हतं, तर काय करत होता?"

"नदी हाय की. दोन कोस. कड्यावरच्या खडपानं, खडकाखडकातनं उतरायचं, भरलेली घागर घेऊन चढायचं. ती पावलं बघतोस ना? माझ्या सुनेची. ठकू नाव तिचं. शेवटची माती तिनं तुडवली. मग पाणीच न्हाई, म्हणून कालवलेली तशीच राहिली. त्याच वर्षी ती खडपावरून घसरली. घागर वर राहिली, ती खाली गेली."

म्हातारी रडली नाही. वाकळेची गाठ आवळली तेवढी.

"तुम्ही पंचांकडे गेला नाहीत?"

"गेलो न्हाई? उंबरा झिजवला त्यांचा. पंच म्हनले, घंटा वाजली की पानी, घंटा काय आमच्या हातात हाय? टोलकऱ्याला विचारा. टोलकऱ्याकडं जायची बंदी. मग आमी समजलो. नगरानंच ठरवलं असंल, की ही आळी नको. तोंडावर कसं सांगायचं, म्हणून घंटा बंद केली. मोठ्यांची रीत असती अशी. चल, जाऊ दे. तू का इतका घामाघूम झालास?"

तो खोटं बोलू शकला असता. तिथून मुकाट निघून जाऊ शकला असता. गोष्टीत एवढं तरी त्याच्या बाजूनं लिहायला हवं, की तो गेला नाही.

"मावशी, मी टोलकरी."

म्हातारीनं त्याचे हात पाहिले. करंगळीच्या कडेला बोटभर जाड घट्टे, दगडासारखे. कुंभाराला हातावरून माणूस कळतो. तिला पटलं.

"मग नगरानं तुला सांगितलं नव्हतं?"

"कुणीच नाही सांगितलं."

"पैका दिला कुनी?"

"नाही."

"मग कशापायी रे?"

त्यानं अंगठ्यानं घट्टे चोळले. शेवटी म्हणाला, "बेसूर होती."

गोण्या बांधणारे तिचे पोरगे थांबले.

"बेसूर होती," म्हातारी म्हणाली. "नऊ वर्षं आमी रोज रातच्याला इचार करायचो, आमचं चुकलं काय. कुनाची पायरी वलांडली, कुनाच्या देवाचं राह्यलं. माझा मोठा ल्योक त्याच इचारानं येडा होऊन निघून गेला. आणि तू म्हनतोस, बेसूर होती?"

"उद्या वाजवतो, मावशी. उद्याची एक पहाट थांबा."

ती उठून घरात गेली आणि दार लावून घेतलं. काय करणार? आपल्याशी कुणी वैर केलं असतं तर तिला समजलं असतं. हे कशात बसवायचं?

टोलकरी तिथून थेट बागआळीत, नगरशेटांच्या वाड्यावर गेला. नगरशेट म्हणजे पंचांत पहिला. मागच्या केळीत घोट्याएवढं पाणी साचलेलं होतं आणि त्यात बदकं पोहत होती. हो, बदकं! पाण्यासाठी माणसं कड्यावरून पडत होती त्या नगरात.

"या या, टोलकरीबुवा!" नगरशेटांना बातमी लागली होती. "उतरलात म्हणे? बरं नाही केलंत. बसा, सरबत घ्या."

"शाल तुम्ही पाठवली होतीत?"

"मग कोण पाठवणार? केळीचे घड, गादी, सगळं आमच्या आळीचं. आवडलं ना?"

"माझ्या वाजवण्यासाठी?"

"अर्थात."

"सूर आवडला तुम्हाला?"

नगरशेट आधी समजले नाहीत. मग समजले, आणि पोट धरून हसले. "सूर! बुवा, तुम्ही वाजवता तेव्हा मी झोपेत असतो हो. माझा माळी जागा असतो. एका पाळीच्या जागी दोन पाळ्या आल्या, बाग दुप्पट झाली. आम्हाला वाटलं, माणूस समजूतदार दिसतो. म्हणून शाल. सूर कोण ऐकतं इथं?"

बघा, माणसाला एका दिवसात किती धक्के बसावेत! आपण कुणाला मारलं हे दुपारी कळलं. ज्यासाठी मारलं ते कुणाला नकोच होतं, हे संध्याकाळच्या आत कळलं. टोलकऱ्याला दुसरा धक्का पहिल्याहून जड गेला, आणि तो जड गेला याची त्याला लाज वाटली.

"उद्या कुंभारांची घंटा वाजणार," तो म्हणाला.

नगरशेटांचं हसू मावळलं. "कोण वाजवणार? उतरलेल्या टोलकऱ्यानं पुन्हा चढायचं नाही, रिवाज आहे. दुसरा बघतो आम्ही. अकरा घंटा वाजवणारा. आणि कुंभारांचं म्हणाल, तर ते चाललेच आहेत. जाणाऱ्याला कशाला बोलवायचं?"

टोलकरी सरबत न घेताच मनोऱ्याकडे निघाला. मनोऱ्याच्या दाराला कधी कडी-कुलूप नव्हतंच, रिवाज हेच कुलूप. दार त्यानं ढकललं आणि वर गेला. जरीची शाल झरोक्यातून बाहेर टाकली आणि उघड्या जमिनीवर पडून राहिला.

शुक्र उगवला तेव्हा तो दांड्यांपुढे बसला. पहिल्या चार आळ्यांच्या घंटा त्यानं रोजच्यासारख्या वाजवल्या, पण वेल नाही चढवली. नुसता ठेका. मग पाचव्या पाळीला उठला. खोकरीच्या दांड्याला तार नव्हती. जुन्या तारेचे त्यानं कधीच तुकडे करून दुसऱ्या घंटांना जोड दिले होते. म्हणून तो हातात लाकडाचा ठोकळा घेऊन शिडीनं वर घंटांमध्ये शिरला. तिथं वाजताना कुणी उभं राहत नसतं. गुरूनं पहिल्याच दिवशी बजावलं होतं, की घंटेजवळ उभा राहून जो टोल ऐकेल, तो पुन्हा काही ऐकणार नाही.

त्यानं खोकरीवर घाव घातला.

नऊ वर्षांची धूळ उडाली. आवाज आला तसाच, घोगरा, फाटका. नगर खडबडून उठलं. बायकांच्या हातातल्या घागरी निसटल्या. कुणाला वाटलं भूत, कुणाला वाटलं मनोरा पडतोय. लहान पोरांनी तर तो आवाज उभ्या जन्मात ऐकलाच नव्हता. कुंडापाशी म्हातारा पाटकरी बसला होता. त्यानं ती घंटा ओळखली. त्या मोरीची फळी शेवाळानं चिकटली होती. त्यानं पहारेनं ती उचकटली, खांदा लावला आणि वर ओढली.

"खाली कर!" कुंडालगतच्या बागेच्या कुंपणावरून नगरशेट ओरडत होते, धोतर सावरत. "खाली कर म्हणतो ना!"

पाटकऱ्यानं मान वळवली नाही. टोल चालू होता.

पाळी पुरी व्हायला बराच वेळ लागतो, दोनशे घागरी भरतात एवढा. तेवढा सगळा वेळ टोलकरी तिथं उभा राहून ठोकत होता. आधी कानांत कळ आली, मग गरम काहीतरी मानेवरून ओघळलं, मग कळही गेली. हातांना हादरे जाणवत होते, म्हणून घंटा वाजतेय असं समजायचं. पाळी संपली. तो खाली आला, दांड्यांपुढे बसला आणि बागआळीच्या दांड्यावर मूठ मारली. काही नाही. त्याला वाटलं तार तुटली. दुसऱ्या दांड्यावर मारली. काही नाही. एकूण एक तारा कशा तुटतील? तेव्हा त्याला समजलं. उरलेल्या सात घंटा त्यानं हाताच्या सवयीनं वाजवल्या, प्रत्येकीला सारखा वेळ, आणि एकीचाही सूर त्याच्यापर्यंत पोचला नाही.

उजाडल्यावर तो कुंभारआळीत गेला. पाटात पाणी वाहत होतं. आळीत पाणी नेणाऱ्या वाळलेल्या चाऱ्यांनी ते घटाघटा पिऊन घेतलं होतं, तरी वाहत होतं. दोन घरांनी गाढवांवरच्या गोण्या उतरवल्या होत्या. एका बाईनं घागर पाण्यात बुडवून तशीच धरून ठेवली होती, काढायचं विसरून.

म्हातारीच्या घरावर मात्र बाभळीची फांदी लागली होती. ती गाढवाचा कासरा धरून वाटेवर उभी होती. तिनं ओंजळभर पाणी तोंडावर मारलं होतं, चेहरा ओला होता. टोलकऱ्याला पाहून ती थांबली आणि बोलली. तिचे ओठ हलले. तो ओठांकडे बघत राहिला.

"मावशी, मला ऐकू येत नाही," तो म्हणाला. स्वतःचा आवाजही त्याला आला नाही. "काय म्हणालात?"

तिनं पुन्हा सांगितलं नाही. गाढवाचा कासरा ओढला आणि निघाली. तिची उरलेली दोन पोरं मागोमाग गेली. कुंभारआळीनं तिची मनधरणी केली, पाटकऱ्यानं हात जोडले, ती मागे फिरली नाही. आधी गेलेल्या सत्तावीस घरांतलंही एकही परत आलं नाही. पाणी एका पहाटेत आलं. माणसं तशी येत नसतात.

टोलकऱ्यानं वाटेत भेटेल त्याला विचारलं, ती काय म्हणाली? सगळ्या आळीनं ऐकलं होतं. कुणी सांगितलं नाही. ती म्हणाली होती, "ठकू असती तर पहिली घागर तिनं भरली असती."

पुढे नगरात बरीच बोलाचाली झाली. नगरशेटांच्या बागेतलं जादा पाणी गेलं, बदकं गेली, पंचांतली जागाही गेली. टोलकऱ्याबद्दलची ती जुनी कलमं पुसून टाकली. आता टोलकरी खालीच राहतो, दर महिन्याला नव्या आळीत, आणि तिथल्या पाटावर स्वतःची घागर स्वतः भरतो. आपला ठोका कुणाच्या दारात जाऊन पडतो, हे त्याला पाठ असतं. आणि आपला बहिरा टोलकरी? तो कुंभारआळीत चाऱ्यांतला गाळ काढत राहिला, मरेपर्यंत. त्याला कुणी शिक्षा दिली नव्हती. कुणी माफही केलं नव्हतं.

तात्पर्य: ज्याच्या हातात साऱ्यांची पाळी आहे, त्यानं आपल्या कानाच्या सुखासाठी एकालाही गाळू नये, आणि कुणी गाळला गेलेला दिसला, तर बघणाऱ्यांनी गप्प बसू नये.